वचन एकदाच द्यावे

परदेशी स्थायिक झालेल्या आपल्या कुटुंबांतील मुलेमुली ज्या समाजात वाढली त्याच समाजात आपला जन्माचा सोबती शोधू लागली, ही गोष्ट आता नवलाची राहिलेली नाही. त्यांतील कित्येकांचा जोडीदार कॅथलिक असल्यामुळे, लग्न चर्चमध्ये, वेदीसमोर लागावे ही एका घराची श्रद्धापूर्वक इच्छा आणि मोकळ्या आकाशाखाली, पूर्वजांच्या भूमीवर, आपल्या मनाजोगता काही विधी व्हावा ही दुसऱ्या घराची तितकीच उत्कट इच्छा, या दोहोंचा मेळ कसा घालावा हा प्रश्न आपल्यातील अनेक घरांत आज उभा आहे. त्यावर सर्रास काढली जाणारी तोड अशी, की लग्न दोनदा लावावे: एकदा चर्चमध्ये त्यांच्या रीतीने आणि पुन्हा एकदा बाहेर आपल्या रीतीने, म्हणजे कोणाचेच मन दुखावले जाणार नाही. ही तोड सद्भावनेने काढलेली असली तरी ती चुकीची आहे असे माझे स्पष्ट मत आहे.

माझे मूळ देवासचे, आणि आम्हां माळव्यातील मराठी लोकांच्या नातवंडांना या विधीसाठी नर्मदाकाठचे नेमावर आठवावे हे मला अगदी स्वाभाविक वाटते. देवास जिल्ह्यात, नदीच्या उत्तर तीरावर वसलेले हे जुने गाव; समोरच्या काठावर हंडिया, अलीकडे सिद्धनाथाचे प्राचीन पाषाणमंदिर, आणि अमरकंटकापासून खंबातच्या आखातापर्यंत १३१२ किलोमीटर वाहत जाणाऱ्या या नदीचे नाभिस्थान ते हेच, अशी भाविकांची पूर्वापार श्रद्धा. नदी उजव्या हाताला ठेवून आणि तिचे पात्र कोठेही न ओलांडता चालणारे परिक्रमावासी ‘नर्मदे हर’ म्हणत या घाटावर विसावतात. पण ज्यांचे पूर्वज बाजीरावाच्या काळी पवारांच्या, होळकरांच्या, शिंद्यांच्या निशाणाखाली नर्मदा उतरून उत्तरेत गेले आणि धार-देवासच्या संस्थानांत दप्तरे सांभाळीत, जहागिरी राखीत आणि देवघरे थाटीत तेथलेच होऊन राहिले, त्यांच्या दृष्टीने नर्मदा ही तीर्थ तर आहेच, शिवाय ती आपल्या घराण्याने एकदा ओलांडलेली आणि मग कायमची आपली मानलेली हद्द आहे. हंडियाचा उतार दक्षिणेतून उत्तरेकडे जाणाऱ्या जुन्या वाटेवरचाच. अशा नदीच्या काठी, समुद्रापलीकडून आणलेल्या नव्या जावयाला वा सुनेला उभे करावेसे वाटणे ही हौस नव्हे, ती एका कुळाची स्मृती आहे.

तथापि तेथे त्यांनी काय करावे, हा खरा प्रश्न आहे. आणि त्याचे उत्तर देण्यापूर्वी चर्चचा कायदा नीट वाचला पाहिजे, कारण आपल्याकडे त्याविषयी ऐकीव माहितीच फार. चर्चच्या १९८३ च्या धर्मसंहितेप्रमाणे विवाह घडतो तो वधूवरांच्या संमतीने, आणि त्या संमतीची उणीव जगातील कोणतीही सत्ता भरून काढू शकत नाही. धर्मगुरू ती संमती विचारतो आणि दोन साक्षीदारांसमक्ष चर्चच्या वतीने तिचा स्वीकार करतो. कॅथलिक व्यक्तीचा विवाह बाप्तिस्मा न झालेल्या व्यक्तीशी व्हावयाचा असेल तर महागुरूंच्या, म्हणजे बिशपच्या, कचेरीतून तशी सूट घ्यावी लागते, परंतु धर्मांतराची अट नाही. आणि असा विवाह चर्चमध्ये किंवा अन्य योग्य स्थळी होऊ शकतो, असे कलम १११८ म्हणते. ‘योग्य स्थळ’ कोणते, याचा निर्णय मात्र प्रत्येक धर्मप्रांतात निरनिराळा होतो, आणि पुष्कळ ठिकाणी उघड्यावरच्या लग्नाला अनुमती मिळत नाही. सर्वांत महत्त्वाचे ते कलम ११२७: त्याच विवाहाची संमती देण्यासाठी वा तिचे नूतनीकरण करण्यासाठी चर्चविधीच्या आधी किंवा नंतर दुसरा धार्मिक विधी करण्यास ते मनाई करते, आणि कॅथलिक धर्मगुरू व अन्य धर्माचा पुरोहित यांनी एकाच वेळी आपापल्या रीतीने संमती विचारण्यासही. म्हणजे लग्न दोनदा लावण्याची आपली सोयीची तोड चर्चच्या दृष्टीने मुळातच निषिद्ध आहे.

हा हुकूम कठोर भासतो, परंतु त्यामागचे कारण जाणून घेतले तर त्यातील विवेक ध्यानी येतो. सोळाव्या शतकापर्यंत युरोपात शेतात, परसात, आडवाटेवर, साक्षीदारांवाचून दिलेले वचनही चर्च वैध विवाह मानीत असे; आणि त्याचा परिणाम असा होई, की पुरुष गुप्तपणे एका स्त्रीला वचन देऊन मागाहून ते नाकबूल करी आणि उघडपणे दुसरीशी लग्न लावी, पहिलीला मात्र साक्षीदारांअभावी आपला विवाह सिद्ध करणे कठीण जाई. हा अन्याय थांबविण्यासाठी ट्रेंटच्या धर्मपरिषदेने १५६३ मध्ये धर्मगुरू आणि साक्षीदार यांची उपस्थिती आवश्यक ठरविली. तेव्हा मोकळ्या आकाशाखालची संमती चर्चला अपरिचित नाही. तिचा फटका स्त्रियांना कसा बसतो हे पाहूनच ती बंद करण्यात आली.

आता आपल्या बाजूने पाहावे. हिंदू विवाह अधिनियम, १९५५ च्या सातव्या कलमात असे स्पष्ट म्हटले आहे, की जेथे सप्तपदी हा विवाहविधीचा भाग असतो तेथे सातवे पाऊल पडताच विवाह पूर्ण आणि बंधनकारक होतो. आणि सर्वोच्च न्यायालयाने २०२४ मध्ये पुन्हा बजावले, की हिंदू विवाह हा गाण्याबजावण्याचा व मेजवानीचा प्रसंग नसून गंभीर संस्कार आहे. हा अधिनियम दोन्ही पक्ष हिंदू असतील तरच लागू पडतो, आणि भारतात ख्रिस्ती व्यक्तीचे लग्न नुसत्या सप्तपदीने कायदेशीर होत नाही. त्यासाठी १८७२ चा भारतीय ख्रिस्ती विवाह अधिनियम आहे, किंवा तीस दिवसांची नोटीस देऊन १९५४ च्या विशेष विवाह अधिनियमाखाली नोंदणी. मग चर्चमध्ये विवाह पूर्ण झाल्यावर नेमावरच्या घाटावर होम पेटवून, छायाचित्रकाराच्या सोयीने सात पावले टाकावयाची, याचा अर्थ काय? जो संस्कार एकदाच होतो म्हणून पवित्र, तो आपणच आपल्या हातांनी देखाव्याच्या पातळीवर उतरवीत असतो. कलम ११२७ चर्चच्या वेदीचे रक्षण करते असे आपण समजतो. माझ्या मते ते आपल्या अग्नीचेही रक्षण करते.

यावर कोणी म्हणेल, की देशी रीतींना हद्दपार करणाऱ्या संस्थेचा कायदा आपण शिरसावंद्य का मानावा? आक्षेप निराधार नाही. गोव्यातील इन्क्विझिशनने १७३६ च्या फर्मानाने लग्नातील ओव्या, हळद, पानसुपारी यांसारख्या साध्या कौटुंबिक रीतींवरही बंदी घातली, आणि ते दुःख कोकणी-मराठी ख्रिस्ती समाज विसरलेला नाही. परंतु त्याच समाजाने पुढे काय केले तेही पाहावे. मुंबई-साष्टी-वसईच्या ईस्ट इंडियन कॅथलिक घरांत लग्नाआधी दारी मांडव पडतो, स्त्रिया वाजतगाजत विहिरीवर जातात, आपल्या बोलीतील गाणी गात ‘उंबराचं पाणी’ भरून आणतात आणि त्या पाण्याने नवऱ्यामुलाला वा नवरीला न्हाऊ घालतात. मिस्सा आणि विवाहसंस्कार होतात ते चर्चमध्येच. विहिरीवर कोणी कोणाला संमती विचारीत नाही, तेथे चर्चची नक्कल होत नाही, आणि तरीही त्या पाण्यावाचून लग्नघर लग्नघर वाटत नाही. व्हॅटिकनच्या दुसऱ्या परिषदेने ४ डिसेंबर १९६३ रोजी, ट्रेंटनंतर चारशे वर्षांनी, विवाहविधीतील स्तुत्य स्थानिक रीती राखल्या जाव्यात असे जाहीर केले, तेव्हा या बायकांनी ती गोष्ट कोणत्याही सनदेवाचून पिढ्यान्पिढ्या राखलेलीच होती. चर्च आणि अंगण यांचा समतोल मराठी माणसाला शिकावयाचा असेल तर तो त्यांच्याकडून शिकावा.

असा समतोल माळव्यातही दिसला आहे. नेमावर ज्या जिल्ह्यात आहे त्याच देवास जिल्ह्यातील उदयनगर येथे सेवा करणाऱ्या धर्मभगिनी राणी मारिया यांची २५ फेब्रुवारी १९९५ रोजी हत्या झाली. पुढे २००२ मध्ये त्यांच्या धाकट्या बहिणीने, ज्या स्वतःही धर्मभगिनी आहेत, तुरुंगात जाऊन मारेकऱ्याच्या मनगटावर राखी बांधली. राखी हा चर्चचा संस्कार नव्हे; क्षमेचा धर्मविधी चर्चजवळ स्वतःचा आहे, आणि राखीने त्याची जागा घेतली नाही. तरीही त्या क्षणी जे नाते जुळले ते खरे होते, आणि ते सांगण्यास या मातीतील तो धागाच समर्थ ठरला. ख्रिस्ती अंतःकरण आणि हिंदुस्थानी रीत यांच्या मीलनाचा याहून थोर दाखला माळव्यात तरी मला माहीत नाही.

म्हणून माझी सूचना अशी. विवाह चर्चमध्ये व्हावा आणि तो पूर्ण मनाने व्हावा. आपल्याकडच्या मंडळींनी तेथे परक्यासारखे मागल्या बाकावर न बसता, धर्मगुरूंची अनुमती घेऊन एखादे मराठी प्रार्थनागीत म्हणावे, मंगळसूत्रही तेथेच घालावे, कारण भारतातील अनेक धर्मग्रामांत ते आशीर्वादित करून घालण्याची रीत आहेच. नेमावरला जावे ते काही दिवसांनी किंवा काही महिन्यांनी. तेथे होम नको, अंतरपाट नको, मंगलाष्टके नकोत, आणि घाटावर उभे राहण्यासाठी धर्मगुरूंना गळही नको. नर्मदेची ओटी भरावी, पिठाच्या किंवा पानाच्या द्रोणातून दिवे सोडावेत (थर्माकोलचे मुळीच नकोत, नदी मलिन करून तिचा आशीर्वाद मागता येत नाही), आजीने नव्या जोडप्याला ओवाळावे, जोडीदाराच्या आईवडिलांनी आपल्या भाषेत आपली प्रार्थना म्हणावी, आणि वधूवरांना काही बोलावयाचे असेल तर त्यांनी ‘आम्ही वचन देतो’ असे न म्हणता ‘आम्ही वचन दिले आहे, ते तुम्हांला सांगावयास आलो आहोत’ असे म्हणावे.

यात आपली बाजू दुय्यम ठरते, अशी तक्रार मी वडीलधाऱ्यांकडून ऐकली आहे, आणि तिच्यामागचे दुःख मला समजते. परंतु समतोल म्हणजे दोन्ही पारड्यांत एकच वस्तू घालणे नव्हे. चर्चजवळ संमती आहे. नदीजवळ कूळ आहे, पितर आहेत, मुलूख आहे, आणि या गोष्टी कोणत्याही वेदीसमोर मिळणार नाहीत. ज्या प्रश्नावर खरोखर बरोबरीचा आग्रह धरावयास हवा तो विधींचा नाहीच. तो मुलांचा आहे. आपल्याकडून होईल ते सर्व करून मुलांचा बाप्तिस्मा करवीन व त्यांना कॅथलिक श्रद्धेत वाढवीन, असे वचन कॅथलिक पक्षाला कलम ११२५ अन्वये द्यावे लागते आणि दुसऱ्या पक्षाला ते वेळीच कळवावे लागते. घाटावर तोरण कोणत्या रंगाचे असावे यावर महिनोन्महिने मसलत करणारी घरे या वचनाविषयी एक संध्याकाळही बोलत नाहीत, हे मी पाहिले आहे, आणि त्याची झळ पुढे नातवंडांच्या बारशाच्या दिवशी दोन्ही आज्यांना लागते. हे बोलणे साखरपुड्यापूर्वी व्हावे.

आणि पत्रिका छापताना तिच्यात खरे तेच लिहावे: विवाह अमुक दिवशी अमुक चर्चमध्ये संपन्न झाला असून, अमुक दिवशी श्रीक्षेत्र नेमावर येथे नर्मदापूजन आणि आशीर्वादसमारंभ योजिला आहे, आप्तेष्टांनी अगत्य यावे.