कंत्राट रद्द झाले, पुढे काय?

गेल्या महिन्यात आमचा एक जुना विद्यार्थी कापडी पिशवीत कागद घेऊन घरी आला. भालकी तालुक्यातील हा मुलगा आता चाळिशी ओलांडलेला गुत्तेदार आहे. पिशवीत एका सरकारी कार्यालयाची दोन कन्नड पत्रे होती. पहिल्यात काम संथ व सदोष असल्याचे सांगून सात दिवसांत खुलासा मागितला होता. दुसऱ्यात कंत्राट रद्द करून अनामत रक्कम जप्त केल्याचे कळविले होते. "गुरुजी, पहिले पत्र नेहमीचे स्मरणपत्र असेल असे समजून ठेवून दिले," तो म्हणाला. मजुरांची देणी भागविण्यासाठी पत्नीचे दागिने गहाण पडले आहेत. कन्नड तो सफाईने बोलतो. कार्यालयीन कन्नड वाचताना मात्र अडखळतो. ती भाषा त्याला आमच्याच शाळेत शिकविली गेली, पण परीक्षेपुरती.

अशा प्रसंगी न्यायालय काय पाहते, हे सीमाभागातील वाचकांनी जाणून घ्यावे. कंत्राट करणारे सरकार हे सरकारच राहते. राज्यघटनेच्या १४ व्या अनुच्छेदाचे बंधन करारावर सही होताच सुटत नाही. म्हणून २२६ व्या अनुच्छेदान्वये उच्च न्यायालयात रिट अर्ज करता येतो. आपल्याच राज्यातील तीर्थहळ्ळीच्या श्री रामेश्वर राईस मिल्सच्या प्रकरणी सर्वोच्च न्यायालयाने १९८७ मध्ये सांगितले की, करारभंग झाला की नाही याविषयीच वाद असेल, तर त्याचा निवाडा करारातील एका पक्षाने, म्हणजे शासनाने, स्वतः करावयाचा नाही. फिर्यादीनेच न्यायाधीश होऊ नये, हे तत्त्व सरकारलाही लागू आहे. जुलै २०२४ मध्ये कोलकात्यातील भुयारी मार्गांच्या देखभालीची निविदा मनमानीने रद्द झाल्याचे ठरवून त्याच न्यायालयाने तो रद्दीचा आदेश बाजूला सारला.

तथापि याचा अर्थ प्रत्येक रद्द कंत्राट परत मिळते असा नव्हे. सिमेंट कमी पडले की नाही, भिंत कोणामुळे खचली, असे साक्षीपुराव्याचे प्रश्न रिट अर्जात सहसा तपासले जात नाहीत. त्यांसाठी दिवाणी दावा किंवा करारात तरतूद असल्यास लवाद हाच मार्ग. रिट अर्जात न्यायालय मुख्यतः रीत पाहते: नोटीस दिली होती काय, खुलासा विचारात घेतला काय, आदेशात कारणे आहेत काय.

येथेच आमच्या विद्यार्थ्याचे दुखणे आहे. जागेचा ताबा त्याला दोन महिने उशिरा मिळाला होता. हे त्याने सात दिवसांत लिहून दिले असते, तर त्याचा विचार करणे कार्यालयाला भाग पडले असते. आता कार्यालय म्हणेल, संधी दिली होती, यांनीच उत्तर दिले नाही.

न्यायालयाचे दार तरी आता जवळ आले आहे. १ नोव्हेंबर १९५६ पूर्वी बीदर-गुलबर्ग्याचे उच्च न्यायालय हैदराबादेस होते. नंतर ते सुमारे सातशे किलोमीटर दूर बंगळूरला गेले. २००८ मध्ये गुलबर्ग्यास, म्हणजे आजच्या कलबुर्गीस, फिरते खंडपीठ आले आणि २०१३ मध्ये ते कायम झाले. बीदरहून सकाळी निघालेला पक्षकार आता संध्याकाळी घरी परततो.

आम्ही दोन्ही पत्रांचा मराठी तरजुमा करून दिला. ताबा-पावती, मोजमाप वहीच्या नकला आणि कामाची छायाचित्रे तारखेवार लावून त्याला वकिलाकडे पाठविले. निकाल काय लागेल, हे आम्ही त्याला सांगू शकलो नाही.

मात्र त्या दिवसापासून शाळेत एक बदल केला आहे. दर शनिवारी दहावीच्या कन्नडच्या तासाला मुले धडा बाजूला ठेवून नोटिसा, पावत्या आणि निविदेच्या जाहिराती वाचतात, आणि नोटिशीचे उत्तर आपल्या हाताने लिहितात.