शील्ड हिरोची लेव्हल आणि आमची सापशिडी

परवा रविवारी खारघरहून भाचा आला होता आमच्याकडे नेरुळला. जेवणं झाली आणि यानं लॅपटॉपवर 'द रायझिंग ऑफ द शील्ड हीरो' लावली. २०१९ची ॲनिमे मालिका, मी आधी बघितलेली. इसेकाई प्रकार ज्यांना माहीत नाही त्यांच्यासाठी (आई, तू हे वगळलंस तरी चालेल :)) : आपल्या जगातला माणूस दुसऱ्याच अद्भुत जगात जाऊन पडतो आणि तिथे व्हिडिओ गेमसारखी लेव्हल वाढवत मोठा होतो.

इथला नायक नाओफुमी. त्याच्यावर अत्याचाराचा खोटा आळ येतो, सोबत कुणी येत नाही, हातात नुसती ढाल. मग लढायला तो गुलाम विकत घेतो. राफ्तालिया. आईबाप गमावलेली, खोकणारी, रात्री किंचाळत उठणारी लहान मुलगी. हुकूम मोडला की अंगावरची गुलाम-मुद्रा तिला वेदना देते. ती रक्ताला घाबरते, तरी हा तिला मारायला लावतो.

इथपर्यंत पोटात कालवतं, आणि कालवायलाच हवं. पण मग तिची लेव्हल भराभर वाढते आणि लेव्हलबरोबर शरीरही! बघता बघता ती तरुणी, तलवारबाज, नायकावर जीव टाकणारी. पुढे सुटका होते तर मुद्रा स्वतःच परत मागते. म्हणजे वयाचा प्रश्न मिटला, गुलामीचा मिटला, आपली अस्वस्थताही मिटली. कशानं? आकड्यानं. माझा राग या हिशेबावर आहे. गोष्टीत वाईट माणसं खुशाल असू देत हो, पण इथे मुलगी विकत घेणं ही चक्क शिडी आहे.

आपल्याकडे मोक्षपट होता, परंपरा त्याचं नाव ज्ञानेश्वरांशी जोडते. कवड्या टाकायच्या, सद्गुणाच्या घरात शिडी, दुर्गुणाच्या घरात साप. खेळच होता तोही, नशिबाचाच. पण वर चढलास ते कशामुळे, हे घरावर लिहिलेलं असायचं. इंग्रजांनी तो नेला, त्याची सापशिडी झाली, हळूहळू नावं पुसली गेली आणि आकडे उरले. या मालिका त्याच उरलेल्या पटावर खेळतात.

भाचा म्हणाला, "मामा, पण तो तिला किती चांगलं वागवतो! झेंडा लावलेलं जेवण देतो, चेंडू घेऊन देतो."

देतो ना. वेठबिगारीविरुद्ध कायदा १९७६ साली झाला, तरी आपल्याच रायगडातली कातकरी कुटुंबं उचल घेऊन वीटभट्टीवर राबायला जातात. तिथेही 'आमचा मालक चांगला आहे' हे वाक्य ऐकू येतंच. मालक चांगला असेलही. उचल फिटते का, ते विचारा.

आता काहीजण प्रतिक्रियेत लिहितील की कल्पित आहे, कशाला एवढं मनावर घेता. घेतो बुवा. कल्पित आहे म्हणूनच लिहिणाऱ्याला निवड होती. त्याला ती मुलगी मोठ्या वयाची, मोकळी, स्वतःच्या मर्जीनं सोबत आलेली दाखवता आली असती.

हे सगळं मी भाच्याला ऐकवलं. त्यानं शांतपणे विचारलं, "मग तू कितव्या भागावर बंद केलीस?"

पहिल्या सीझनचे पंचविसच्या पंचवीस भाग बघितले होते मी. दोन रात्रीत.