अमृताची पंगत

दुर्मिळ द्रव्य आणि त्याच्या बळावर काळावर केलेली मात हा विषय पाश्चात्त्य विज्ञानकथेच्या मालकीचा आहे, असा आमच्या विद्यार्थ्यांचा समज दिसतो. फ्रँक हर्बर्ट यांच्या 'ड्यून' (१९६५) या कादंबरीतला 'स्पाइस' त्यांना २०२१ आणि २०२४च्या चित्रपटांमुळे ठाऊक झाला आहे. एकाच वाळवंटी ग्रहावर सापडणारा, आयुष्य वाढवणारा आणि भविष्य दाखवणारा हा पदार्थ. 'आपल्याकडे असे काही का नाही?' असे ते विचारतात. आमचे म्हणणे असे की, आहे. आणि त्याचा पत्ता आपल्याच जिल्ह्यातला आहे.

समुद्रमंथनातून निघालेले अमृत मोहिनीने देवांना वाढले ते नेवाशाला, अशी स्थानिक आख्यायिका आहे. तिथले मोहिनीराजाचे मंदिर त्याची साक्ष म्हणून दाखवले जाते. नेवाशावरून वाहणाऱ्या प्रवरेला लोक 'अमृतवाहिनी' म्हणतात, आणि राहुरीचे नाव राहूवरून पडले असेही सांगतात. म्हणजे या कथेचा अख्खा भूगोल अहिल्यानगर जिल्ह्याने आपल्या अंगावर गोंदवून घेतला आहे.

इथे एक खुलासा आवश्यक आहे. 'आमच्या पुराणांत सगळे विज्ञान होतेच' हा दावा आम्हांला करायचा नाही. अमृत ही विज्ञानकल्पना नव्हे. तिच्यामागे कोणताही भौतिक नियम गृहीत धरलेला नाही. साम्य आहे ते कथेच्या रचनेत. जरा आणि मृत्यू थोपवणारे द्रव्य एकदा कल्पिले, की लेखकापुढे पहिला प्रश्न त्याच्या गुणधर्माचा उरत नाही, वाटपाचा उभा राहतो. ते कोणाला मिळणार आणि कोण ठरवणार? 'ड्यून'मधले सारे राजकारण याच प्रश्नाभोवती फिरते. अमृतकथेतली पंगतही.

काही वर्षांपूर्वी आमच्यापैकी एकाच्या तासाला पाथर्डीकडच्या एका विद्यार्थ्याने विचारले होते, "सर, राहूचं चुकलं काय? दोर तर त्यांनीही ओढला होता ना?" वर्ग हसला. आम्ही 'त्याने देवाचे रूप घेऊन फसवणूक केली' असे ठरीव उत्तर देऊन पुढे गेलो. ते उत्तर अपुरे होते. वासुकीच्या तोंडाकडची, विषारी फूत्कारांची बाजू असुरांच्या वाट्याला आली होती. श्रम दोघांचे, पंगत मात्र एकाची. सूर्य आणि चंद्र यांनी ओळख पटवून दिली आणि राहूचे मस्तक उडवले गेले. पण अमृत कंठापर्यंत पोहोचले असल्याने ते मस्तक अमर राहिले. ते आजही सूर्यचंद्रांना गिळते, म्हणजे ज्यांच्यावरून आपण काळ मोजतो त्यांनाच, असे कथा सांगते. पंगतीतून उठवलेल्याचा हिशेब ही कथा मिटवत नाही, हे तिचे मोठेपण आहे.

याच नेवाशात शके १२१२ मध्ये (इ. स. १२९०) ज्ञानदेवांनी गीतेवरील भाष्य सांगितले. संन्याशाची मुले म्हणून या भावंडांना मुंजीचा अधिकार नाकारला गेला होता. पैठणला शुद्धिपत्रासाठी जाऊन मग ती नेवाशाला आली, असे परंपरा सांगते. पंगतीबाहेर ठेवलेला हा तरुण सहाव्या अध्यायाच्या आरंभी म्हणतो की, आपली मराठी अमृताशीही पैज लावील आणि जिंकेल. आपण हे वचन भाषेच्या गोडव्याचे प्रशस्तिपत्र म्हणून वाचत आलो. ऑक्टोबर २०२४ मध्ये मराठीला अभिजात भाषेचा दर्जा मिळाल्यावर तर ते पुन्हा व्यासपीठाव्यासपीठावरून ऐकू आले. आमच्या मते ते वाचन उणे आहे. अमृत ज्या गावी मोजून वाढले गेले असे लोक मानतात, त्या गावी बसून लावलेली ही पैज आहे. अमृत वाटले की संपते आणि म्हणून राखावे लागते. शब्द वाटला की वाढतो. पैज गोडीत नाही, वाटपात जिंकलेली आहे. ग्रंथाच्या शेवटी पसायदानात अमृताचा कलश उरतच नाही. तिथे अमृताचे समुद्र आहेत, आणि ते बोलतात. मागणे आहे ते प्राणिमात्रासाठी.

या वाचनाचा आजच्याशी संबंध काय, असे कोणी विचारील. प्रवरेच्या पाण्यावर जिल्ह्याच्या उत्तरेत ऊस उभा राहिला. १९५० साली इथेच, लोणीजवळ प्रवरानगरला, सहकारी साखर कारखानदारीचा पाया घातला गेला. दक्षिणेतल्या पाथर्डीसारख्या कोरडवाहू तालुक्यांतली कुटुंबे दिवाळीच्या सुमारास कोयते घेऊन कारखान्यांच्या वाटेला लागतात आणि उन्हाळ्याच्या तोंडावर परततात. त्यांच्या मुलांचे शाळा-कॉलेजचे वर्ष निम्मे होते. काळ बदलणारे द्रव्य शोधायला दूरच्या ग्रहावर जायची गरज नाही. पाण्याच्या वाटपाने कोणाचे वर्ष किती महिन्यांचे होते, ते आम्हांला हजेरीपटावर दिसते.

राहूविषयी विचारणारा तो विद्यार्थीही त्या वर्षी दुसऱ्या सत्रात वर्गात नव्हता. अमृताला जिंकणारी भाषा आम्ही शिकवतो, असे म्हणायचे असेल तर ती त्याच्यापर्यंत पोहोचते का, हे आधी पाहायला हवे. ती केवळ समारंभात वाढली जाणार असेल, तर पैज आपण हरलो आहोत. त्याच्या प्रश्नाचे उत्तर आम्ही अजून त्याला दिलेले नाही. निदान यापुढे तो प्रश्न कोणी विचारला, तर हसणाऱ्या वर्गाला थांबवून तास तिथूनच सुरू करावा, एवढे आम्ही ठरवले आहे.