ठेंगणी मूर्ति

गेल्या महिन्यांत एके संध्याकाळीं वर्तकनगरांतील आमच्या घराहून आम्ही मंडळी उपवन तलावाकडे फिरावयास निघालों. वाटेंत एक अगदीं ठेंगणे गृहस्थ भेटले. धाकट्या नातवानें बोट दाखविलें व तो मोठ्यानें हसला. सूनबाईंनीं त्याचा हात खालीं ओढला. पण लपवून काय उपयोग? हसूं मलाहि आलें होतें. त्या गृहस्थांनीं मानहि वळविली नाहीं. इतकें तें त्यांच्या अंगवळणीं पडलें असावें.

रात्रीं जेवणें आटोपल्यावर मुलांना जवळ बसवून नागपूरच्या ज्योती आमगे हिची हकीगत सांगितली. तिचा जन्म १६ डिसेंबर १९९३ चा. अठराव्या वाढदिवशीं, म्हणजे २०११ सालीं, गिनीज विक्रमग्रंथांत जगांतील सर्वांत ठेंगणी हयात स्त्री म्हणून तिची नोंद झाली. उंची ६२.८ सेंटिमीटर, म्हणजे दोन फुटांहून किंचित् अधिक. २०१४ सालीं ‘अमेरिकन हॉरर स्टोरी’ या मालिकेच्या चौथ्या पर्वांत तिनें भूमिका केली. त्या पर्वाची कथाच मुळीं विचित्र देहाच्या माणसांचा खेळ दाखविणाऱ्या तंबूची.

थोरल्या नातीनें विचारलें, “आजोबा, तिला निराळें काम कां नाहीं दिलें?”

या प्रश्नाशीं एका फ्रेंच नटाचें सारें आयुष्य गुंतलें होतें. एर्वे व्हिलशेझ हे १९४३ सालीं पॅरिस येथें जन्मले. वडील शस्त्रवैद्य, मुलगा चित्रकला शिकलेला. १९७४ च्या ‘द मॅन विथ द गोल्डन गन’ या जेम्स बाँडच्या चित्रपटांत ते खलनायकाचे चाकर झाले. ‘फँटसी आयलंड’ या अमेरिकन मालिकेनें त्यांचें नांव घरोघर पोंचविलें. तेथेंहि चाकरीचेंच काम. पुढें त्यांनीं मुख्य नटाइतकें वेतन मागितलें, आणि १९८३ सालीं त्यांना मालिका सोडावी लागली. सप्टेंबर १९९३ मध्यें त्यांनीं स्वतःच आपलें जीवित संपविलें. त्याच वर्षीं डिसेंबरांत ज्योती जन्मली.

आमच्या भगिनींनीं येथें एक गोष्ट ध्यानांत घ्यावी. ठेंगणेपणाचा जो प्रकार सर्वांत अधिक आढळतो, त्यांत बहुतेक वेळां आईबापांची उंची सर्वसाधारणच असते; हाडांच्या वाढीशीं निगडित असलेल्या एका जनुकांत नव्यानें बदल घडतो. ग्रहण पाळलें नाहीं, पूर्वजन्मींचें पाप भोवलें, हीं आपल्या माजघरांतील निदानें निव्वळ पोकळ होत. २०१६ च्या कायद्यानें आपल्या देशांत ठेंगणेपणास दिव्यांगत्वाच्या एकवीस प्रकारांत स्थान मिळालें आहे. त्या कायद्यानें शाळेचें व कचेरीचें दार उघडतां येईल. रस्त्यांतलें हसूं मात्र घरांतच आवरावयास शिकविलें पाहिजे.

वामनाची कथा आपण मुलांना हौसेनें सांगतों. पण नीट पाहिलें तर तो बटु त्रिभुवन व्यापूं लागतो, तेव्हांच आपले हात जोडले जातात. दारीं उभा असतां त्याला ओळखणारे किती?

पुढच्या रविवारीं तेच गृहस्थ पुन्हां दिसले. नातवानें पुढें होऊन “नमस्कार, काका” म्हटलें. ते थांबले व त्यांनीं त्याची इयत्ता विचारली. बोलणें त्या दोघांचेंच झालें. मला मात्र एक शब्दहि सुचला नाहीं.