लोणच्याचा उपदेश

टोमॅटोचे भाव कोसळले की दोन गोष्टी ठरल्याप्रमाणे घडतात. नाशिक जिल्ह्यातला शेतकरी रस्त्याकडेला क्रेट रिकामे करतो. आणि त्याचे छायाचित्र पाहून शहरातला सुशिक्षित माणूस हळहळत म्हणतो, ‘अहो, फेकता कशाला? लोणचे घाला!’ ऑगस्ट २०२१ मध्ये नाशिक आणि तेव्हाच्या औरंगाबाद जिल्ह्यात घाऊक भाव किलोला २-३ रुपयांवर आला व माल रस्त्यावर ओतला गेला, तेव्हाही हा उपदेश झालाच. उपदेश मोठा सात्त्विक दिसतो. त्यात काटकसर आहे, आजीच्या बरणीची आठवण आहे, शिवाय ‘मूल्यवर्धन’ हा सरकारी शब्दही त्याला शोभून दिसतो. आमचे म्हणणे एवढेच की तो लोणच्याविषयीच्या अज्ञानातून आलेला आहे, आणि एका अन्यायावर झाकण घालण्यापलीकडे त्याचा काही उपयोग नाही.

आधी लोणच्याविषयी. टोमॅटोचे फोडींचे लोणचे घालायचे ते हिरव्या, घट्ट फळाचे. पिकलेल्या फळाला पाणी फार. त्याची फोड मिठात टिकत नाही, विरघळते. हिरव्यातही निवड करावी लागते. अगदी कोवळ्या, गडद हिरव्या फळात टोमॅटिन नावाचे कडवट द्रव्य अधिक असते. फळ पक्वतेकडे जाते तसे ते कमी होते. म्हणून पूर्ण वाढलेले, रंग किंचित फिका होऊ लागलेले, पण लाली न चढलेले फळ घ्यायचे. ते धुऊन, कोरडे पुसून फोडी करायच्या, मीठ-हळद लावून रात्रभर ठेवायच्या. सकाळी सुटलेले पाणी निथळून काढायचे (ते आमटीत घालावे, टाकू नये) आणि फोडी कापडावर पसरून सुकवायच्या. मग मोहरीची पूड, तळलेल्या मेथीची पूड, हिंग, तिखट, लिंबाचा रस, आणि वरून कडकडीत तापवून पूर्ण गार केलेले तेल. किलोभर फोडींना सुमारे १०० ग्रॅम मीठ आणि २०० मिलिलिटर तेल लागते. आठवडाभरात लोणचे मुरते. कैरीच्या लोणच्यासारखे ते वर्षभर मात्र टिकवू नये. फ्रिजमध्ये ठेवून महिन्या-दीड महिन्यात संपवावे. फोडीत पाणी राहिले, चमचा ओला लागला, की बुरशी आलीच.

ही कृती आम्ही सविस्तर दिली ती हौसेने नव्हे. रस्त्यावर पडलेला माल पिकलेला किंवा पिकू लागलेला असतो, हे त्यातून दिसावे. दूरच्या बाजारपेठेसाठी टोमॅटो लाली चढू लागताच तोडतात. पिंपळगाव बसवंतच्या बाजार समितीत लिलावाला येतो तो असा माल. भाव न मिळता तो परत फिरला, तर लोणच्याची वेळ केव्हाच टळून गेलेली असते. ‘फेकता त्याचे लोणचे घाला’ म्हणणाऱ्याने बहुधा फेकलेला टोमॅटोही नीट पाहिलेला नसतो आणि लोणच्याची फोडही.

मग हिरव्या टोमॅटोचे लोणचे आले कुठून? रशिया, जॉर्जिया अशा थंडीच्या देशांत वेलीवरचे शेवटचे फळ पिकण्याआधीच दव गोठते. ते हिरवे फळ वाया जाऊ नये म्हणून मिठाच्या पाण्यात आंबवून ठेवण्याची रीत तिथे पडली. आपल्याकडेही खरिपाचा बहर सरून बांबू-तारा उतरवायची वेळ येते, तेव्हा झाडावर उरलेले हिरवे टोमॅटो घरी येतात. त्यांची तीळ-शेंगदाणे घालून चटणी होते, भाजी होते, थोडे लोणचे होते. दोन्हीकडे हा घराचा हिशेब आहे. शेवटच्या पाटीभर फळाची ती व्यवस्था आहे. सबंध पिकाची व्यवस्था तिच्यावर कशी लादता येईल?

लादून पाहू. क्रेट २० किलोचा. २०२१ च्या त्या भावाने त्याचे ४० ते ६० रुपये होत होते. त्या एका क्रेटच्या लोणच्याला २ किलो मीठ आणि ४ लिटर तेल लागेल. आणि ६० रुपयांत त्या वर्षी अर्धा लिटर तेलही येत नव्हते. मोहरी, मेथी, तिखट, लिंबे आणि बरण्या अजून हिशेबात धरलेल्याच नाहीत. चांगले पीक एकरी २० टनांच्या पुढे जाते, म्हणजे १,००० क्रेट. एका एकराच्या लोणच्याला २ टन मीठ आणि ४,००० लिटर तेल! ज्याच्या हातात गाडीभाडे सुटण्याइतकेही पैसे नाहीत, त्याला हा खर्च सुचवणे म्हणजे उपाशी माणसाला मेजवानी देण्याचा सल्ला देणे होय.

तरी उपदेशकाचा हिशेब जमतो, कारण त्यात एक रकाना कोरा असतो: मजुरी. हा उपदेश फिरून फिरून बचत गटांच्या दारी का येतो, याचे उत्तर त्या कोऱ्या रकान्यात आहे. बायकांनी पुसावे, चिरावे, निथळावे, सुकवावे, आणि त्या वेळेचे मोल कुणी विचारू नये. यावर लिज्जतचा दाखला पुढे केला जातो. दाखला चांगला आहे, पण तो आमच्या बाजूचा आहे. १९५९ साली गिरगावात सात जणींनी ८० रुपये उसने घेऊन पापड लाटायला घेतले, ते उडीद पिकवणाऱ्याचा नासता माल वाचवण्यासाठी नव्हे. त्यांनी टिकाऊ कच्चा माल विकत घेतला आणि लाटणारीच्या हाताला दाम दिला. मजुरी हिशेबात पहिली आली, म्हणून तो उद्योग उभा राहिला.

आता दुसरी बाजू पाहा. जुलै २०२३ मध्ये शहरांत टोमॅटो किलोला १०० रुपयांच्या वर गेला. तेव्हा ‘स्वस्ताईत लोणचे का घालून ठेवले नाही?’ असे शहरी ग्राहकाला कुणी विचारले का? केंद्र सरकारने महाराष्ट्रासह इतर राज्यांतून टोमॅटो खरेदी करवून दिल्लीसारख्या शहरांत आधी ९०, मग ८०, मग ७० रुपयांनी विकला. ऑगस्टमध्ये नेपाळहून आयातही झाली. ग्राहकाची अडचण हा राज्यकारभाराचा प्रश्न ठरला. उत्पादकाची अडचण मात्र पाककृतीचा प्रश्न ठरते! २०१८-१९ च्या अर्थसंकल्पात टोमॅटो, कांदा, बटाटा यांच्यासाठी ५०० कोटींची ‘ऑपरेशन ग्रीन्स’ जाहीर झाली होती. तिच्यात जादा मालाच्या वाहतुकीला व साठवणुकीला निम्मे अनुदान देण्याची तरतूदही आली. तरीही २०२१ मध्ये क्रेट रस्त्यावर आलेच. तेव्हा त्या तरतुदीचे काय झाले, हे विचारण्याची जागा ‘लोणचे घाला’ या दोन शब्दांनी अडवली, हा आमचा खरा आक्षेप आहे.

लोणच्याशी आमचे वैर नाही. ज्यांना ते सुचते, त्यांनी गोदाघाटावरच्या बुधवारच्या बाजारात जावे, दोन किलो हिरवे टोमॅटो घासाघीस न करता घ्यावेत, घरी आणून स्वतः पुसावेत, चिरावेत, निथळावेत, आणि किती तास गेले ते कागदावर मांडावे. त्या तासांना आपल्या पगाराच्या दराने गुणावे. येणारा आकडा ज्यांना शेतकऱ्याच्या घरातल्या बाईसाठीही मान्य असेल, त्यांनी मग खुशाल उपदेश करावा.