हात आणि हेतू

घरात लहान मूल असले की एक वाक्य दिवसातून चार वेळा कानी पडते : “मी काही मुद्दाम नाही केलं!” कप फुटलेला असतो, दूध सांडलेले असते, ताईच्या वहीवर शाईचा ओघळ आलेला असतो आणि आरोपी डोळ्यांत पाणी आणून हा एकच बचाव मांडीत असतो. गंमत अशी, की आपण मोठी माणसे मुलांचा हा बचाव क्वचितच ऐकून घेतो. स्वतःसाठी मात्र तो जन्मभर वापरतो. भावाशी बोलणे तुटले, सुनेचे मन दुखावले, कचेरीतल्या सहकाऱ्याची बढती आपल्या एका शेऱ्यामुळे हुकली, तरी आपले उत्तर तयार असते – माझा हेतू काही वाईट नव्हता.

हा बचाव खरा की खोटा, हे ज्याचे त्याला ठाऊक. पण त्यात दडलेला प्रश्न फार जुना आहे. पाप राहते कोठे? हाताने केलेल्या कृत्यात, की मनातल्या हेतूत? बाराव्या शतकातल्या फ्रान्समध्ये या प्रश्नाने एका बुद्धिमान माणसाला धर्मपीठासमोर उभे केले होते. मध्ययुगीन ख्रिस्ती तत्त्वज्ञान असे म्हणताच कोणी पान उलटून पुढच्या कथेकडे वळू नये. येथेही एक कथा आहे, आणि ती विषयाला सोडून नाही.

त्या काळच्या धर्मगुरूंजवळ प्रायश्चित्तांच्या पोथ्या असत. सहाव्या शतकाच्या सुमारास आयर्लंडमधल्या मठांतून त्यांची सुरुवात झाली आणि पुढे त्या युरोपभर पसरल्या. अमुक पापाला इतके दिवस नुसत्या पाव-पाण्यावर राहायचे, तमुक पापाला इतकी वर्षे उपास, असा त्यांत हिशेब मांडलेला असे. आज आपल्याला याचे हसू येईल; पण त्यात एक दिलासाही होता. पापाला किंमत ठरली म्हणजे ती फेडताही येते आणि फेडून मोकळेही होता येते. अडचण एवढीच, की अशा हिशेबाची नजर मुख्यतः घडलेल्या गोष्टीवर राहते. निजेत आईच्या अंगाखाली सापडून मूल गुदमरले, तर त्यालाही या पोथ्यांत प्रायश्चित्त नेमून दिलेले होते.

या हिशेबाला पीटर आबेलारने हात घातला. त्याचा जन्म १०७९ चा, ब्रिटनी प्रांतातला. बाप सरदार, पण थोरल्या मुलाचा हक्क सोडून याने तलवारीऐवजी तर्कशास्त्र हाती धरले. पॅरिसमध्ये त्याच्या व्याख्यानांना विद्यार्थ्यांची झुंबड उडे. आपल्या गुरूंनाच वादात चीत करण्याची त्याला भारी हौस, त्यामुळे शत्रूही भरपूर. आयुष्याच्या अखेरीस, ११३८ च्या सुमारास, त्याने नीतिशास्त्रावर एक पुस्तक लिहिले. त्याचे दुसरे नाव मोठे बोलके आहे : ‘स्वतःला ओळख’.

आबेलारचे म्हणणे थोडक्यात असे. मनात वाईट इच्छा येणे हे पाप नव्हे. ती तर स्वभावाची ओढ, आणि तिच्याशी झगडण्यातच पुण्य आहे. हातून घडलेले कृत्य हेही स्वतः पाप नव्हे. या दोहोंच्या मध्ये एक क्षण असतो. अयोग्य आहे हे ठाऊक असूनही मन त्या इच्छेला होकार देते. तो होकार, ती संमती, म्हणजे पाप. पुढे कृत्य घडो वा न घडो, पापात भर पडत नाही आणि घटही होत नाही.

तो उदाहरणांवर उदाहरणे देतो. एकाच गुन्हेगाराला दोघे फासावर चढवितात. एक न्यायाच्या चाडेने, दुसरा जुन्या वैरापोटी. दोर तोच, मरण तेच; पण एकाचे कृत्य चांगले आणि दुसऱ्याचे वाईट. दोन माणसे गरिबांसाठी घरे बांधण्याचा संकल्प करतात. एकाची घरे उभी राहतात. दुसऱ्याचे पैसे कोणी जबरीने लुटून नेतो. देवाच्या दरबारात दुसऱ्याचे पुण्य कमी भरावे काय? ‘देव भावाचा भुकेला’ असे आपण म्हणतो. आबेलारला ही म्हण ऐकून आनंद झाला असता.

पण वाचताना मन अडखळते ते एका आईच्या उदाहरणापाशी. ती गरीब आहे. अंगावर पिणारे मूल आहे. थंडी आहे, आणि पाळण्यातल्या मुलावर घालून स्वतःच्या अंगावरही राहील एवढे कापड घरात नाही. मुलाची दया येऊन ती त्याला आपल्या चिंध्यांत ओढून घेते, उराशी धरते. झोप अनावर होते. ज्याला ऊब देण्यासाठी जवळ घेतले, ते मूल तिच्याच अंगाखाली गुदमरून जाते. पुढे ती बिशपसमोर उभी राहते आणि तिला भारी प्रायश्चित्त मिळते.

का? तिचा अपराध काय? आबेलार स्वच्छ सांगतो की अपराध काहीच नाही. तिने केले ते प्रेमाने केले. शिक्षा दिली जाते ती इतर आयांनी सावध राहावे म्हणून. माणसांना दुसऱ्याचे अंतःकरण दिसत नाही, त्यांना कृत्येच दिसतात. म्हणून माणसांचा न्याय कृत्यांवर चालतो. अंतःकरण पाहणारा न्यायाधीश एकच, आणि त्याच्यापुढे ती आई निर्दोष आहे. शिक्षा आणि पाप या दोन गोष्टी त्याने अशा वेगळ्या केल्या, की आठशेहून अधिक वर्षांनी वाचतानाही त्या आईच्या खांद्यावर कोणी हात ठेवल्यासारखे वाटते.

धर्मसत्तेला हे मानवणारे नव्हते. ११४१ साली सान्स येथे धर्मपरिषद भरली. क्लेर्व्हो मठाचा प्रभावी मठाधिपती बर्नार्ड हा आबेलारचा मुख्य विरोधक होता. परिषदेने दोषी ठरविलेल्या विधानांत, केवळ कृत्यांमुळे मनुष्य अधिक चांगला वा वाईट ठरत नाही, हेही एक होते. ख्रिस्ताला अजाणतेपणी क्रुसावर देणाऱ्यांनी त्यात पाप केले नाही, हे दुसरे. आबेलार पोपकडे दाद मागण्यास निघाला, वाटेत क्लूनीच्या मठात त्याला आसरा मिळाला, आणि ११४२ साली तो वारला.

आता ती कथा. पॅरिसमध्ये असताना फ्युल्बेर नावाच्या धर्माधिकाऱ्याच्या घरी आबेलार शिकवणीला राहिला. शिष्या होती त्याची भाची एलोईज, विद्वत्तेसाठी आधीच नावाजलेली. पुढे प्रेम, मूल, एलोईजच्या मनाविरुद्ध झालेले गुप्त लग्न, आणि शेवटी फ्युल्बेरच्या माणसांनी रात्री येऊन आबेलारची केलेली क्रूर विटंबना, की ज्यानंतर त्याला संसारच उरला नाही. त्याने मठाचा रस्ता धरला आणि त्यापूर्वी एलोईजलाही संन्यासिनी व्हायला लावले. ती झाली. पुढे ती पाराक्ले येथील मठाची अध्यक्षा झाली आणि लोक तिच्या पावित्र्याचे गोडवे गाऊ लागले.

अशा वेळी तिने आबेलारला पत्रे लिहिली. नीतिशास्त्राचे पुस्तक तयार होण्यापूर्वीची ही पत्रे आहेत, आणि गुन्हा कृत्यात नसून करणाराच्या मनात असतो हा विचार त्यांत तिने बजावून मांडला आहे. तो तिने आधी आपल्या प्रेमासाठी वापरला : मी तुझे नुकसान केले खरे, पण माझ्या मनात कपट नव्हते. येथवर ठीक. मग तीच फूटपट्टी तिने आपल्या संन्यासाला लावली. लोक मला पवित्र म्हणतात, पण त्यांना माझे मन दिसत नाही. प्रार्थनेच्या वेळीही मला जुने दिवस आठवतात. मी ही वस्त्रे देवासाठी घेतली नाहीत, तुझ्या शब्दाखातर घेतली. मग देवाकडून मी बक्षीस कसले मागू? अशा आशयाचे ती लिहिते. ज्या विचाराने त्या गरीब आईला सोडविले, त्यानेच या बाईला कोंडून टाकले. हेतूच सर्व काही असेल, तर तिची उपासतापासांची वर्षे कोणत्या खात्यावर जमा करायची?

या प्रश्नाला उत्तर शोधायचे, तर आबेलारनंतर शंभर वर्षांनी आलेल्या थॉमस अक्वायनसकडे जावे लागते. हा इटलीतला, १२२५ च्या सुमारास जन्मलेला, आबेलारच्या अगदी उलट प्रकृतीचा : शांत आणि चिकाटीचा. मधल्या काळात ॲरिस्टॉटलचे नीतिशास्त्र संपूर्णपणे लॅटिनमध्ये आले होते. थॉमसने त्याचा आधार घेऊन आपल्या ‘सुम्मा’ या प्रचंड ग्रंथाचा मोठा भाग सद्गुणांच्या विचाराला दिला. विवेक, न्याय, धैर्य, संयम हे चार, आणि त्यांवर श्रद्धा, आशा, प्रेम हे तीन. वरचे तीन देवाच्या देणगीने मिळतात. पण पहिले चार माणूस आचरणानेही कमावू शकतो. सद्गुण म्हणजे एखाद्या दिवशी आलेली सद्भावना नव्हे. चांगले करणे अंगवळणी पडले पाहिजे.

हेतूला थॉमसही मान देतो, पण सगळा कारभार त्याच्या हाती सोपवीत नाही. कृत्य चांगले ठरायचे तर ते स्वतः चांगले हवे, परिस्थितीला साजेसे हवे आणि हेतूही चांगला हवा. दान करण्यासाठी चोरी केली तर दानाच्या हेतूने चोरी शुद्ध होत नाही. ‘मला ठाऊक नव्हते’ म्हणणाऱ्याला तो विचारतो की ठाऊक करून घेणे तुझे काम नव्हते काय? म्हणून चार सद्गुणांत त्याने विवेकाला पहिले स्थान दिले.

एलोईज ११६४ साली वारली. तीस वर्षांहून अधिक काळ तिने मठ चालविला. त्याच्या शाखा निघाल्या. आबेलारच्या तराजूत तिने स्वतःला शून्य तोलले. मला वाटते, थॉमसची अंगवळणाची कल्पना तिला थोडी सावली देते. रोज पहाटे उठणे, आजाऱ्याची विचारपूस, भांडणे मिटविणे, कोठीतला धान्याचा हिशेब, हे इतकी वर्षे करणाऱ्या हातांनी मनाला काहीच शिकविले नसेल काय? हेतू हाताला चालवितो, हे आबेलारने दाखविले. हातही हळूहळू हेतूला घडवितो.

तेव्हा या दोघांपैकी कोणाचे ऐकावे? माझ्यापुरते मी असे ठरविले आहे, की दुसऱ्याचा न्याय करताना आबेलार जवळ असावा आणि स्वतःचा करताना थॉमस. आपण नेमके उलट करतो. स्वतःचा हेतू काढून दाखवितो आणि दुसऱ्याचे फुटलेले कप मोजतो.

आणि थॉमसकडून आणखी एक गोष्ट घेण्यासारखी आहे. अत्यंत निकडीच्या वेळी माणसाने जीव वाचविण्यापुरते दुसऱ्याचे घेतले, तर ती चोरी ठरत नाही, असे तो स्पष्ट म्हणतो; कारण ज्याच्याजवळ गरजेपेक्षा जास्त आहे, त्याच्या त्या जास्तीवर गरिबाचा हक्क आहे. म्हणजे त्या आईने शेजारच्या वाड्यातली एखादी घोंगडी उचलून आणली असती, तर थॉमसने तिला चोर म्हटले नसते. आबेलारच्या उदाहरणात बिशप आईला जाब विचारतो. त्या थंडीच्या रात्री तिच्या घरात दुसरे पांघरूण का नव्हते, हे मात्र कोणीच कोणाला विचारीत नाही.