साठ गोल, आठ पौंड

दिवाळी आली की आपल्या घरांत दोन आकड्यांची चर्चा हटकून होते : एक पगाराचा, दुसरा बोनसचा. ‘शेजारच्यांना एवढा मिळाला, मग तुम्हालाच का नाही?’ हा प्रश्न चकलीच्या घाण्याबरोबर दरसाल तळून निघतो. म्हणून यंदा या सदरात एका अशा गड्याची हकीकत सांगतो, की ज्याने आपल्या धंद्यात त्याच्या आधी कुणीही केले नव्हते एवढे काम एका वर्षात करून दाखवले; पण त्याचा पगार आठवड्याला आठ पौंडांपुढे सरकला नाही. मालकांनी मनात आणले असते तरी सरकवता आला नसता. नियमच तसा होता!

गड्याचे नाव विल्यम राल्फ डीन. सारे इंग्लंड त्याला ‘डिक्सी’ म्हणे. त्याला स्वतःला हे नाव मुळीच आवडत नसे. ‘बिल’ म्हटले की स्वारी खूश. लिव्हरपूलच्या समोर, मर्सी नदीच्या पलीकडच्या काठावर बर्केनहेड नावाचे गाव आहे, तिथे १९०७ साली त्याचा जन्म झाला. वडील रेल्वेत नोकरीला. गावच्याच ट्रॅनमेअर रोव्हर्सकडून लीगच्या ३० सामन्यांत त्याने २७ गोल केले आणि मार्च १९२५ मध्ये लिव्हरपूलच्या एव्हर्टन क्लबाने त्याला ३,००० पौंडांना विकत घेतले. ‘विकत घेतले’ हे शब्द मी जाणूनबुजून वापरतो आहे. ही रक्कम एका क्लबाच्या तिजोरीतून दुसऱ्या क्लबाच्या तिजोरीत जायची. खेळाडूला सहीचे म्हणून दहा पौंड मिळायचे. डीन पुढे सांगत असे की, यातले ३०० पौंड तुझ्या आईवडिलांना देऊ, असे त्याला कबूल केले होते, आणि हाती पडले ते ३०!

पुढच्याच वर्षी, १९२६ च्या उन्हाळ्यात, सगळे संपले असे वाटायची वेळ आली. वेल्समध्ये मोटारसायकलचा अपघात झाला. कवटीला तडा, जबडा मोडलेला. हा मुलगा पुन्हा खेळेल असे डॉक्टरांना वाटत नव्हते. आणि त्याची सारी मातब्बरी होती ती डोक्याने चेंडू मारण्यात! पण हिवाळा येण्यापूर्वीच तो मैदानात परतला आणि चेंडू डोक्यावर घेऊ लागला. त्याच्या डोक्यात पोलादी पत्रा बसवला आहे, अशी दंतकथा पुढे पसरली. तीत तथ्य नव्हते, पण गोलकीपरांना ती खरी वाटत असल्यास त्यांना दोष देता येणार नाही.

आता त्या प्रसिद्ध हंगामाकडे येऊ : १९२७-२८. याच्या दोन वर्षे आधी ऑफसाइडचा नियम बदलला होता. पूर्वी पुढे गेलेल्या खेळाडूच्या आणि गोलरेषेच्या मध्ये प्रतिपक्षाचे तीन गडी असावे लागत. १९२५ पासून दोन पुरे झाले. लगेच पहिल्या विभागातले गोल वर्षाला १,१९२ वरून १,७०३ वर गेले. तेव्हा ‘त्यात डीनचे काय मोठे, नियमच सोपा झाला’ असे म्हणणारे निघालेच. पण नियम सर्वांनाच सोपा झाला होता, आणि साठ गोल करून दाखवले ते एकट्याने.

मिडल्सबरोच्या जॉर्ज कॅमसेलने आदल्या वर्षी दुसऱ्या विभागात ५९ गोल करून उच्चांक केला होता. शेवटचे दोन सामने उरले तेव्हा डीनचे गोल होते ५३. बर्नलीविरुद्ध त्याने चार मारले. झाले ५७. आता ५ मे १९२८, घरचे गुडिसन पार्क मैदान, समोर आर्सेनल. एव्हर्टनचे अजिंक्यपद आधीच पक्के झालेले, त्यामुळे जमलेल्या हजारोंना एकच हिशेब पाहायचा होता : आणखी तीन.

पहिला गोल केला आर्सेनलने. थोड्याच वेळात डीनने बरोबरी साधली. मग पेनल्टी मिळाली, ती त्यानेच घेतली : ५९. आर्सेनलने पुन्हा बरोबरी केली आणि त्यानंतर गोल होईनाच. घड्याळ पुढे सरकते आहे. शेवटची काही मिनिटे राहिली असताना ॲलेक ट्रूप या ठेंगण्या स्कॉटिश गड्याने डावीकडून कॉर्नर उचलला आणि गर्दीतून डीनचे डोके वर आले. साठ! त्यानंतर आर्सेनलने तिसरा गोल करून सामना बरोबरीत सोडवला, पण तो कोण पाहतो? डीन होता अवघा एकवीस वर्षांचा. लीगच्या ३९ सामन्यांतले हे साठ गोल. इंग्लंडच्या वरिष्ठ विभागात एका हंगामात एवढे गोल त्यानंतर कुणालाही जमलेले नाहीत.

आणि पगार? हंगामात आठवड्याला आठ पौंड, उन्हाळ्यात सहा. सामना जिंकला तर वर दोन पौंड, बरोबरीला एक. १९२२ पासून ही कमाल मर्यादा साऱ्या क्लबांना बांधून दिलेली होती. कामगाराच्या मानाने हे पैसे चांगलेच, हे कबूल केले पाहिजे. पण त्याच १९२८ सालच्या ऑक्टोबरात आर्सेनलने डेव्हिड जॅकसाठी बोल्टनला दहा हजारांहून अधिक पौंड मोजले! क्लबांना एकमेकांना कितीही देण्याची मोकळीक, खेळाडूला देताना मात्र हात बांधलेले. बरे, रागावून दुसरीकडे जावे, तर करार संपला तरी जुन्या क्लबाच्या परवानगीवाचून जाता येत नसे. आपल्याकडचे ग्रेडच्या टोकाला अडकलेले हेडक्लार्क निदान राजीनामा तरी देऊ शकतात.

१९३० मध्ये एव्हर्टन दुसऱ्या विभागात घसरला. डीन तिथेच राहिला. १९३१ ला दुसऱ्या विभागाचे अजिंक्यपद, १९३२ ला पहिल्याचे, आणि १९३३ ला कर्णधार डीनच्या हातात एफ. ए. कप. त्या अंतिम सामन्यात खेळाडूंच्या पाठीवर आकडे होते. एव्हर्टनला १ ते ११, मँचेस्टर सिटीला १२ ते २२. डीनच्या पाठीवर ९.

मला मात्र या साऱ्यापेक्षा पुढची एक गोष्ट अधिक मोठी वाटते. १९३६-३७ च्या हंगामात एव्हर्टनने टॉमी लॉटन नावाचा सतरा वर्षांचा पोरगा आणला. तो कशासाठी आणला आहे हे सांगायला ज्योतिषी नको होता. लॉटननेच पुढे सांगितले आहे की, डीनने त्याच्या खांद्यावर हात टाकला, तू माझी जागा घ्यायला आला आहेस हे मला ठाऊक आहे असे सांगितले, आणि आपली विद्या त्याला शिकवली. १९३९ मध्ये लॉटनच्या गोलांवर एव्हर्टनने पुन्हा अजिंक्यपद मिळवले. डीन तेव्हा तिथे नव्हता. मार्च १९३८ मध्ये त्याला नॉट्स काउंटीला विकले होते. किंमत? ३,००० पौंड, तेरा वर्षांपूर्वी घेतला होता तेवढ्यालाच! मधल्या काळात एव्हर्टनसाठी लीगचे ३९९ सामने आणि ३४९ गोल.

महायुद्धानंतर त्याने चेस्टरमध्ये ‘डब्लिन पॅकेट’ नावाचे मद्यगृह चालवले आणि पुढे फुटबॉलच्या निकालांवर पैजा घेणाऱ्या एका कंपनीत हमाल-पहारेकऱ्याची नोकरी केली. पगाराची मर्यादा १९६१ मध्ये उठली. त्याच साली फुलहॅमचा जॉनी हेन्स आठवड्याला शंभर पौंड घेऊ लागला. तेव्हा डीनचे वय होते चोपन्न.

१९७६ मध्ये त्याचा एक पाय कापावा लागला. १ मार्च १९८० रोजी तो गुडिसन पार्कवर एव्हर्टन आणि लिव्हरपूल यांचा सामना पाहायला आला होता. तिथेच हृदयविकाराचा झटका येऊन तो गेला. सामना लिव्हरपूलने २-१ असा जिंकला.